अकरा चेहरे आणि बाकीची मिळकत

मी खाली सही करणार, या शहरातल्या मंडळीचा निवृत्त पाळक, वय ऐंशीच्या पुढे, विधुर, एका मुलाचा बाप, माझ्या दोन खोल्यांच्या घरात बसून, कोणाच्या दडपणाखाली नव्हे तर राजीखुशीने हे लिहून ठेवतो. 'राजीखुशीने' हा शब्द वकिलांनी घालायला लावला. राजी मी आहे. खुशीचे पुढे कळेल.

माझे डोके ठिकाणावर आहे. आज सकाळी डॉक्टर येऊन खात्री करून गेले. त्यांनी मला वार विचारला, नातेवाईक विचारले, शंभरातून सात-सात वजा करायला लावले. माझी वजाबाकी त्यांच्यापेक्षा लवकर झाली. हात थरथरतो म्हणून अक्षर वाकडे आहे. मजकूर सरळ आहे.

कलम १. यापूर्वी केलेले मृत्युपत्र रद्द समजावे. त्यात मी माझे सर्व काही इथल्या कलासंग्रहालयाला दिले होते. हे संग्रहालय सुरू करणाऱ्या दोघांपैकी मी एक. बदल रागाच्या भरात केला असे कोणी म्हणू नये. राग मला पुष्कळदा आला आणि गेला. ही किळस आहे. किळस जात नाही, घशाशी येऊन बसते आणि चांगल्या अन्नाचीही चव घालवते.

कलम २. माझा देह माझ्या पत्नीशेजारी पुरावा. जुन्या बोलीत बायकोला मंडळी म्हणत, आणि आमच्यात चर्चच्या सभासदांनाही मंडळीच म्हणतात. त्यामुळे मला दोन मंडळी होत्या. एकीने मला सांभाळले, दुसरीला मी सांभाळले, आणि कोणते काम अवघड होते ते पत्नी असती तर तिने सांगितले असते. अंत्यविधी चर्चमध्ये करावा. संग्रहालयाच्या मोठ्या दालनात माझी पेटी ठेवून भाषणे करण्याचा बेत विश्वस्त मंडळाने मी जिवंत असतानाच आखला आहे, हे माझ्या कानावर आले आहे. तसे होऊ देऊ नये. पेटीला खांदा कोणीही द्यावा, फक्त विश्वस्त मंडळाच्या अध्यक्षांनी देऊ नये.

त्याच दालनात माझा एक ब्राँझचा अर्धपुतळा आहे. त्याला माझ्यापेक्षा केस जास्त आहेत आणि तो कोणाशीही सहमत होईल असा दिसतो. तो माझ्या मालकीचा नाही, नाहीतर त्याची सोय याच कलमात लावली असती.

कलम ३. माझी पुस्तके आणि उपासनेचा काळा झगा सध्याच्या पाळकबाईंना द्यावा. झगा त्यांना लांब होईल, पण शिवण चांगली आहे, दुमडता येईल. उपदेशांचे कागद मात्र देऊ नयेत, जाळावेत. त्यातले चार चांगले होते आणि ते मी आलटून पालटून इतक्या वेळा वापरले की मंडळीला पाठ आहेत.

कलम ४. हातोडी, पाणसळ, तारेचे रीळ, चित्रे टांगायचे खिळे आणि चित्र टेकवून ठेवायचा लाकडी घोडा ही माझी हत्यारे मी सूनबाईच्या हातात आधीच दिली आहेत. इथे फक्त नोंद करतो. ती संग्रहालयात चित्रे दुरुस्त करण्याचे काम करते. आमच्या घरात चित्राला हात लावायच्या आधी हात धुणारी तीच एक उरली आहे.

कलम ५. आता अकरा चेहऱ्यांविषयी. हे कलम लांबेल. वकील म्हणाले, मृत्युपत्रात इतिहास लागत नाही. मी म्हटले, इतिहास भिंतीवर खोटा लिहिला असेल तर कुठेतरी खरा लिहावाच लागतो.

मी या शहरात नवा पाळक म्हणून आलो तेव्हा नदीपलीकडे कातडी कमावण्याचा कारखाना होता. वारा फिरला की वास थेट उपासनेत येई आणि बायका गीत म्हणता म्हणता नाकाला रुमाल लावत. मंडळीतली निम्मी माणसे तिथे कामाला होती. कारखान्याचे मालक आमच्याच मंडळीचे वडीलजन, म्हणजे कारभार पाहणाऱ्यांपैकी, पहिल्या बाकावर बसणारे. कातडी चोरीला जातात म्हणून त्यांनी वाळवणीच्या माळ्याचे मागचे दार बाहेरून कुलूप घालून बंद ठेवले होते. माळ्याला आग लागली. पुढचा जिना आधी पेटला. मागच्या दाराशी अकरा माणसे सापडली, सात पुरुष आणि चार बायका, एकमेकांवर.

पेट्या बंदच पुरायच्या असे पोलिसांनी सांगितले आणि मीही घरोघर जाऊन तेच सांगितले. मातीच्या दिवशी एक विधवा कबरीच्या काठावर माझ्यासमोर उभी राहिली. रडत नव्हती. ती म्हणाली, "पाळकसाहेब, पेटी उघडू नका म्हणता. मग मी पुरलं कोणाला?"

मी पाळकाचे शिक्षण पूर्ण घेतले होते. या प्रश्नाला त्यात उत्तर नव्हते.

उत्तर चित्रकलेच्या बाईंनी दिले. मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवणाऱ्या, अविवाहित, बोलायला तुटक. लहान मुले त्यांना फूटपट्टीबाई म्हणत. मातीहून परतताना त्या म्हणाल्या की या लोकांकडे फोटो नाहीत, फोटो काढायला पैसे कोणाकडे होते, पण चेहरे सगळ्यांना आठवत असतील. सांगितले तर मी काढीन. मी चर्चची मागची खोली उघडून दिली. कागद मी आणले आणि जवळ होता म्हणून कोळसाही आणला. बाईंनी कोळशाकडे पाहिले आणि तो उचलून माझ्या हातात परत दिला. सगळे चेहरे त्यांनी शिसपेन्सिलीने काढले.

रोज एक कुटुंब येई. नाक जरा बसके, नाही, एवढे नाही. भुवई इथे तुटलेली होती, लहानपणी पडला होता. एका घरात सासू आणि सून यांचे कानावरून भांडण जुंपले, आणि बाईंनी दोन्ही कान काढून दाखवले तेव्हा दोघी एकदम गप्प झाल्या. एका बापाने सांगितले, माझा पोरगा हसताना काढू नका, तो हसत नसे. चेहरा जमला की खोलीत कोणीतरी उभे राही. जमला की नाही हे बाईंना त्यावरूनच कळे, विचारावे लागत नसे. ज्या विधवेने मला तो प्रश्न विचारला होता, ती आपल्या नवऱ्याच्या चित्राकडे बराच वेळ पाहून म्हणाली, "हो, यालाच पुरलं." मग पहिल्यांदा रडली.

घरी लावायला बहुतेकांकडे धड भिंत नव्हती. पत्र्याला खिळा ठोकता येत नाही. म्हणून सगळ्यांनी मिळून चित्रे माझ्याकडे सांभाळायला दिली. मी ती उपासनागृहाच्या लांब भिंतीवर लावली, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांना डोळे भिडतील अशा उंचीवर. पहिल्या बाकाच्या अगदी शेजारी.

पुढच्याच सभेत मालकांनी विषय काढला. कुलपाबद्दल नव्हे. देवाच्या घरात प्रतिमा नसाव्यात, हा आपल्या वाडवडिलांनी रक्त सांडून मिळवलेला नियम आहे, असे ते म्हणाले. मूर्तिपूजेची एवढी काळजी त्यांना मी त्याआधी कधी पाहिली नव्हती. मी म्हणालो की या चित्रांपुढे कोणी गुडघे टेकत नाही, फक्त त्यांच्याकडे पाहतात. ते म्हणाले, तेच नको आहे. सभेत सगळे त्यांच्याकडे नोकरीला किंवा त्यांच्याकडे माल घालणारे. ठराव झाला. मी चित्रे उतरवली.

आवारापलीकडे लोकरीचे जुने गोदाम रिकामे होते. मी आणि बाईंनी त्याला चुना मारला, पत्नीने फरशी घासली, आणि अकरा चेहरे तिथे लावले. लोक बघायला येऊ लागले, आधी घरचे, मग शेजारचे, मग नदीपलीकडचे. बाईंनी आपली चित्रे आणून लावली. एका न्हाव्याने आजोबांनी कोरलेले लाकडी पक्षी दिले. निवृत्त जहाजी माणसाने समुद्राची चित्रे दिली, वाईट होती, तरी लावली. संग्रहालय असे सुरू झाले. ते कोणाच्या दूरदृष्टीने झाले नाही. भिंतीवरून हाकललेल्या अकरा माणसांना भिंत हवी होती, म्हणून झाले.

बाईंची नोकरी वर्षाच्या आत गेली. शाळेच्या कमिटीवरही मालकच होते. त्या दुसऱ्या शहरात गेल्या, शिकवण्या करून राहिल्या आणि तिथेच वारल्या. संग्रहालयाच्या आजच्या इमारतीत सभागृहाला नाव आहे, उपाहारगृहाला नाव आहे, जिन्यालासुद्धा आहे. बाईंचे नाव कुठेही नाही.

कलम ६. गेल्या वर्षी संग्रहालयाच्या नव्या इमारतीचे उद्घाटन झाले. पैसा मालकांच्या नातवाचा, तेच आता विश्वस्त मंडळाचे अध्यक्ष. सचिव माझा मुलगा. मला पुढच्या रांगेत बसवले, शाल घातली आणि हातात खाण्याची ताटली दिली. मोठ्या दालनाच्या भिंतीवर सोनेरी अक्षरांत लिहिले होते की हे संग्रहालय अध्यक्षांच्या आजोबांच्या कलाप्रेमातून आणि उदार आश्रयातून जन्मले. मी दोनदा वाचले. वाटले, चष्मा चुकला.

चेहरे भिंतीवर नव्हते. मी मुलाला विचारले. तो म्हणाला, "संवर्धनासाठी काढलीत, पप्पा. नाजूक झालीत." हे म्हणताना तो माझ्याकडे नाही, माझ्या शालीकडे पाहत होता. सूनबाई शेजारी उभी होती. तिने माझा दंड धरला आणि मला जिन्याने तळघरात नेले.

घडीच्या खुर्च्यांच्या मागे, सांडपाण्याच्या पंपापाशी, चेहरे भिंतीला टेकवून ठेवले होते, तोंडे आत करून. शिक्षा झालेल्या पोरांसारखे. सूनबाईने एकेक वळवून दाखवले. एका बाईच्या गालावर बुरशी चढली होती. हसत नसलेल्या त्या पोराच्या काचेत पाणी शिरले होते. सूनबाई म्हणाली की तिने तीनदा लेखी विचारले, आणि तिन्ही वेळा उत्तर आले की विषय मंडळासमोर आहे.

मी वर आलो. अध्यक्ष कोणालातरी प्रकाशयोजना समजावून सांगत होते. माझी ताटली मी त्यांच्या हातात दिली आणि घरी आलो. त्या खाण्याला आणि त्या तळघराला एकच वास होता असे मला वाटले, आणि ते अजून वाटते. गुन्हा करणाऱ्या माणसाला मी पाळक म्हणून पुष्कळदा जवळ बसवले आहे. पण गुन्हा करून वर त्याचे उद्घाटन करणारी, आणि टाळ्या वाजवणारी, आणि टाळ्या संपल्यावर ताटल्या भरून घेणारी ही सभ्य माणसे मला सहन होत नाहीत. त्यांच्यातल्या निम्म्यांना मीच बाप्तिस्मा दिला आहे. पाणी वाया गेले.

मी चित्रे परत मागितली. मंडळाने कळवले की ती संग्रहालयाची आहेत, आणि आदरणीय संस्थापकांची स्मृती वयोमानानुसार क्षीण झाली आहे. खाली सचिवाची सही होती. शहरात तेव्हापासून पसरवले जात आहे की पाळकांना म्हातारचळ लागलाय. चित्रे संग्रहालयाला कधीच दिलेली नव्हती. ती उसनी होती, आणि प्रत्येक चौकटीखालच्या पाटीवर इतकी वर्षे 'उसने' असेच छापलेले होते. त्या पाट्या अर्थात आता सापडत नाहीत.

कलम ७. चेहरे ज्यांचे त्यांना परत करावेत असे मी ठरवले आणि विचारायला निघालो. त्या विधवेची मुलगी बाजारामागे शिलाईचे दुकान चालवते. आग लागली तेव्हा ती पोटात होती. बापाला तिने फक्त त्या चित्रात पाहिलेले. मला वाटले होते, ती लगेच हो म्हणेल. मी तळघराचेही सांगितले. तिने मशीन थांबवले नाही. शिवण पूर्ण केली, धागा दाताने तोडला आणि मग बोलली.

"घरी आणून काय करू, पाळकसाहेब? घरी माझी नातवंडं बघतील. त्यांना ठाऊक आहे. ज्यांना ठाऊक नाही त्यांनी बघायला पाहिजे ना?"

मी म्हणालो की ते लोक चित्रांना पुन्हा खाली टाकतील.

"मग तसं लिहा की टाकता येणार नाही. तुम्हाला लिहिता येतं."

मी बाकीच्या घरीही गेलो. दोन कुटुंबे शहर सोडून गेली आहेत, त्यांना कळवले. कोणी चहा दिला, कोणी दारातच उभे ठेवले, एकाने सांगितले की आता मालकांच्या नातवाकडेच कामाला आहे, नाव पुढे करू नका. पण शिलाईवाली म्हणाली तेच शेवटी सगळ्यांनी म्हटले.

कलम ८. म्हणून असे ठरवतो. अकरा चेहऱ्यांवर माझा जो काही ताबा आणि हक्क आहे, तो मी त्या अकरा कुटुंबांना एकत्रितपणे देतो. संग्रहालयाला ती चित्रे फक्त पुढील अटींवर ठेवता येतील. ती पहिल्या दालनात, दारातून आत येणाऱ्याला चुकवता येणार नाहीत अशी, माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवर लावावीत. शेजारी चित्रकलेच्या बाईंचे पूर्ण नाव लिहावे. आणि खाली हे वाक्य, याच शब्दांत, इतर मजकुराइतक्याच मोठ्या अक्षरांत लिहावे: 'ही माणसे आगीत मेली, कारण मालकांनी दार बाहेरून बंद ठेवले होते.' सोनेरी रंग नको. एखादे प्रदर्शन, लग्नसमारंभ किंवा पाहुणा यांच्यासाठी चित्रे एक दिवसही उतरवली, तर कुटुंबांनी येऊन ती घेऊन जावीत, आणि पहारेकऱ्याने त्यांना दार उघडून द्यावे.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी सूनबाईने करावी. ती नको म्हणाली होती. मग म्हणाली, दुसऱ्या कोणाला सांगणार आहात?

कलम ९. अध्यक्षांना मी काहीही देत नाही. क्षमा करणे हे माझे काम होते, त्यातून मी निवृत्त झालो आहे. देव अजून निवृत्त झालेला नाही, त्यांनी तिकडे अर्ज करावा.

कलम १०. माझे राहते घर, बँकेत असेल ते आणि घरातले सामान मी माझ्या मुलाला देत आहे. आवडीने नव्हे. तो माझा मुलगा आहे म्हणून.

हे कलम आज दुपारी रद्द केले आहे. खाडाखोड पाहून कोणी शंका काढू नये म्हणून कसे ते लिहितो.

सहीला दोन साक्षीदार लागतात. एक डॉक्टर, ते त्यासाठी दुपारी परत आले. दुसरे म्हणून शेजारी यायचे होते. पण मजकूर कशाबद्दल आहे हे कळताच त्यांनी बायकोकरवी निरोप पाठवला की त्यांची मुलगी संग्रहालयात नोकरीला आहे, राग मानू नये. शिलाईवाली चालणार नाही, कारण तिला यातून हक्क मिळतो. वकील घड्याळ पाहू लागले. तेवढ्यात माझा मुलगा आला, टाय लावून, विश्वस्त मंडळाच्या सभेतून थेट; शेजाऱ्यांच्या घरातून तिकडे खबर गेली असणार. त्या सभेने त्याला पाठवले होते. कुलपाचे वाक्य तेवढे गाळा, बाकी सगळे आम्ही मान्य करतो, असा निरोप होता. मी कागद त्याच्यापुढे सरकवला.

त्याने उभ्यानेच वाचायला सुरुवात केली. सहाव्या कलमाशी खुर्ची ओढून बसला. सचिवाच्या सहीचे वाक्य त्याने परत वाचले, ते मला त्याच्या डोळ्यांवरून कळले. शेवटपर्यंत वाचून झाल्यावर त्याने वकिलांना विचारले की मी साक्षीदार होऊ शकतो का. वकील म्हणाले, ज्याला काही मिळायचे आहे त्याने साक्ष देऊ नये, नाहीतर मिळायचे ते जाते.

"मग मला येणारं काढून टाका."

मी म्हणालो, नाटक नको.

तो माझ्याकडे वळला. "पप्पा, तुमच्यामागे हे लोक म्हणणार की तुम्हाला काही कळत नव्हतं. आणि ते म्हणायला मलाच उभं करतील. माझी सही इथे असली तर मला ते म्हणता येणार नाही."

 वकिलांनी खात्री करायला विचारले की नोकरीचे काय. तो म्हणाला, ते मी बघतो. मग घराचे काय करायचे असा प्रश्न निघाला, तेव्हा तोच म्हणाला, "घर त्या अकरा जणांच्या लोकांना द्या. आम्ही चित्रं उतरवलीच, तर त्यांना लावायला भिंत हवी."

तो 'आम्ही' म्हणाला. मी ते ऐकले आणि दुरुस्त केले नाही. ते खरे होते.

सबब, घर आणि बँकेतली रक्कम त्या अकरा कुटुंबांना, वरील कारणासाठी. मुलाला काही नाही, आणि साक्षीदाराची बायको म्हणून सूनबाईलाही काही नाही. तिला विचारले तेव्हा ती म्हणाली, हत्यारं मिळाली आहेत.

मुलाला मी शाबासकी दिलेली नाही. त्याने सही केलेले ते पत्र अजून आहे आणि त्याबद्दलची माझी किळसही आहे.  सूनबाईने त्याला पाणी दिले, मी माझे पेन दिले.

वरील मजकूर मी स्वतः लिहिला, वाचला आणि मोठ्याने वाचून दाखवला. तो माझा आहे.

स्थळ: माझे राहते घर, स्वयंपाकाची खोली, कारण टेबल तिथेच आहे.
तारीख: वकिलांच्या शिक्क्यात आहे ती.

लिहून ठेवणार: निवृत्त पाळक (सही)

आमच्या समक्ष, एकमेकांच्या समक्ष:

साक्षीदार पहिला: डॉक्टर. लिहून ठेवणाऱ्यास आज तपासले, पूर्ण शुद्धीत आहेत. (सही)

साक्षीदार दुसरा: लिहून ठेवणाऱ्याचा मुलगा, कलासंग्रहालयाचा सचिव. पप्पांना सगळे आठवते. या मृत्युपत्राने मला काहीही मिळत नाही. (सही)